पेट्रिलोची करंगळी

एका माणसासमोर टेबल आहे, टेबलावर काठ्या उभ्या केलेल्या. तो एका काठीच्या टोकावर काचेचा वाडगा ठेवतो, गरगरा फिरवतो आणि पुढच्या काठीकडे धावतो. शेवटचा वाडगा फिरू लागेपर्यंत पहिला डुगडुगायला लागलेला असतो. मध्येच टेबलावर बशा भिरभिरवायच्या, पुन्हा काठ्यांकडे पळायचं. आणि या सगळ्या धावपळीखाली खाचातुरियन या संगीतकाराचं ‘सेबर डान्स’ सुसाट वाजत असतं. माणसाचं नाव एरिक ब्रेन, कार्यक्रम एड सलिव्हनचा, अमेरिकन टीव्हीवरचा जुना व्हरायटी शो. ही चित्रफीत मी किती वेळा पाहिली असेल देव जाणे. सुरुवातीला नजर वाडग्यांवरच असते. पाच-सहा वेळा पाहून झालं की कान जागा होतो, आणि कळतं की आपल्याला धाप लावतंय ते संगीत. आवाज बंद करून बघा. एक सुटाबुटातले गृहस्थ भांडी सांभाळताहेत, एवढंच दिसतं.

त्या काळच्या अमेरिकन टीव्हीबद्दल हळहळणारे पुष्कळ आहेत. काय तो काळ, दर रविवारी, दर शनिवारी अख्खा ऑर्केस्ट्रा स्टुडिओत बसलेला, विनोदी नटाच्या एंट्रीलाही खरी ट्रम्पेटं वाजायची! मग पुढचं वाक्य ठरलेलं: तेव्हा लोकांना चव होती. हे मला मुळीच पटत नाही. चवीचा भाग त्यात असेल चिमूटभर. ऑर्केस्ट्रा तिथे बसले होते कारण ते बसवणं कंपन्यांना भाग पडलं होतं. कुणीतरी दरडावून, संप करून, शिव्या खाऊन ते भाग पाडलं होतं. ज्याला जिवंत वाजणारं संगीत हवंय त्याने चवीच्या नावाने रडणं सोडून त्या दरडावण्याकडे नीट पाहावं, असं माझं म्हणणं आहे.

दुसरं एक स्पष्टीकरण नेहमी पुढे केलं जातं. टीव्ही तेव्हा थेट प्रक्षेपित व्हायचा, व्हिडिओटेप आली 1956 साली, मग संगीतही थेटच असणार, त्यात नवल काय? नवल आहे. चित्र साठवायची सोय नव्हती, आवाज साठवायची होती की! ग्रामोफोनची तबकडी तोवर चांगली जुनी झाली होती. वाडगेवाल्याच्या मागे तबकडी लावली असती तर यंत्राची काहीच अडचण नव्हती, खर्चही वाचला असता. आणि हे नुसतं तर्काने म्हणत नाही, तसं घडलेलं आहे. 1946 च्या मे महिन्यात एनबीसी या प्रक्षेपण कंपनीने ‘अवर ग्लास’ नावाचा तासाभराचा कार्यक्रम सुरू केला. अमेरिकन टीव्हीवरचा पहिला मोठा व्हरायटी शो तोच. नाच, नकला, गाणी, कॉफीच्या जाहिराती, सगळं होतं. संगीत मात्र रेकॉर्डवरचं, कारण अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्स या वादकांच्या युनियनने आपल्या सभासदांना टीव्हीवर वाजवायला सरळ बंदी घातली होती. कार्यक्रम जेमतेम दहा महिने टिकला.

ती बंदी उठली 1948 च्या मार्चमध्ये. 20 मार्चला संध्याकाळी पाच वाजता सीबीएसने फिलाडेल्फियाहून यूजीन ऑर्मंडी या संचालकाचा सिंफनी ऑर्केस्ट्रा दाखवला आणि त्यानंतर दीड तासाने एनबीसीने न्यूयॉर्कच्या स्टुडिओ 8-एचमधून तोस्कानिनी या दुसऱ्या नामवंत संचालकाला पडद्यावर आणलं. दोन कंपन्या शर्यत लावल्यासारख्या धावल्या. पण खरा परिणाम दिसला जूनमध्ये. 8 जूनला विनोदी नट मिल्टन बर्लचा ‘टेक्साको स्टार थिएटर’ सुरू झाला, 20 जूनला एड सलिव्हनचा ‘टोस्ट ऑफ द टाऊन’. तीन महिन्यांत! दूरदर्शन संच झपाट्याने खपू लागले होते, कंपन्यांना प्रेक्षक खेचायचे होते, ही कारणंही खरीच. पण ज्या जूनला अमेरिकन व्हरायटीचा जन्म मानतात त्याच्या तीनच महिने आधी एक करार झाला होता, ही गोष्ट त्या आठवणींमध्ये कुणी सांगत नाही. सलिव्हनच्या पहिल्या कार्यक्रमात कलाकारांसाठी पाचशे डॉलरही नव्हते, त्यातले 200 डीन मार्टिन आणि जेरी लुईस या विनोदी जोडीने वाटून घेतले. इतक्या काटकसरीच्या खेळातही रे ब्लॉक आणि त्यांचा ऑर्केस्ट्रा होता. हौस म्हणून कुणी असा खर्च करत नाही.

आता तो दरडावणारा माणूस. जेम्स सीझर पेट्रिलो. शिकागोचा, मूळचा ट्रम्पेटवाला, आणि त्याच्याच कबुलीनुसार वादक म्हणून बेताचा. 1940 ते 1958 युनियनचा अध्यक्ष. जंतूंची त्याला इतकी भीती की हात मिळवायला माणूस पुढे आला की हा नुसती करंगळी पुढे करायचा. वर्तमानपत्रांनी त्याची व्यंगचित्रं काढून काढून शाई संपवली. पण त्याला भूत कुठलं दिसत होतं ते समजून घ्यायला हवं. 1927 नंतर सिनेमा बोलू लागला आणि मूकपटांच्या थिएटरांतून हजारो वादक रस्त्यावर आले. दरेक गावातल्या थिएटरात पियानोवाला होता, मोठ्या शहरांत पंधरा-वीस जणांचा ताफा होता. दोन-तीन वर्षांत सगळं साफ. पेट्रिलोचा धडा साधा होता: वादकाने एकदा वाजवलेलं यंत्रात शिरलं की ते यंत्र त्याच्याच पोटावर येतं, आणि ते शिरण्याआधीच किंमत ठरवून घ्यायला हवी. म्हणून 1 ऑगस्ट 1942 पासून त्याने रेकॉर्डिंगच बंद पाडलं. महायुद्ध चालू, देशभक्तीची लाट, आणि वादक स्टुडिओत पाऊल टाकेनात. खुद्द राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी 1944 मध्ये तारेने विनंती केली, याने नकार दिला. मोठ्या कंपन्यांनी शेवटी दर रेकॉर्डमागे युनियनच्या निधीला पैसे देण्याचं मान्य केलं तेव्हाच गाडी हलली.

(यात एक गंमत झाली. बंदी वादकांवर होती, गाणाऱ्यांवर नव्हती. फ्रँक सिनात्रासारख्या गायकांनी मागे नुसता कोरस घेऊन रेकॉर्ड्स केल्या. बँडमधला एक गायक असलेला माणूस बँडशिवाय चालतो, हे ग्राहकांच्या कानाला त्याच दोन वर्षांत कळलं. वादकांच्या संपाने गायक मोठे केले. पुढच्या टीव्हीवर गायकाच्या नावाने शो निघाले आणि बँडचं नाव शेवटच्या श्रेयनामावलीत पळू लागलं, त्याचं थोडं बी इथलं आहे.)

पेट्रिलोला संत करायची माझी इच्छा नाही. 1942 मध्येच त्याने मिशिगनमधल्या इंटरलॉकेनच्या संगीत शिबिरातल्या शाळकरी मुलांचं रेडिओ प्रक्षेपण बंद पाडलं, कारण ती मुलं फुकट वाजवतात आणि व्यावसायिकांच्या पोटावर येतात! पोरांच्या व्हायोलिनला घाबरलेली युनियन. यानंतर लोकांची सहानुभूती राहील कशी? 1946 च्या एप्रिलमध्ये अमेरिकन काँग्रेसने ली कायदा केला, त्याला सगळे पेट्रिलोविरोधी कायदाच म्हणत. रेडिओ केंद्रांना गरजेपेक्षा जास्त माणसं ठेवायला भाग पाडणं हा गुन्हा ठरला. शिकागोच्या एका छोट्या केंद्राने आणखी तीन माणसं घ्यावीत म्हणून युनियनने अडवलं, त्यावरून खटला थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तीन माणसं!

त्या कायद्याच्या आदल्याच महिन्यात, मार्च 1946 मध्ये, रेडिओ-टीव्हीला परवाने देणाऱ्या तिथल्या दळणवळण आयोगाने एक अहवाल काढला होता, त्याच्या निळ्या मुखपृष्ठामुळे ‘ब्लू बुक’ म्हणून ओळखला गेला. प्रक्षेपणाच्या रेडिओ-लहरी सार्वजनिक मालकीच्या आहेत, त्या वापरायचा परवाना हवा असेल तर केंद्राने स्थानिक, जिवंत कार्यक्रम किती केले ते दाखवावं, असं त्यात म्हटलं होतं. म्हणजे मार्चमध्ये सरकार म्हणतं, जिवंत कार्यक्रम करा. एप्रिलमध्ये काँग्रेस म्हणते, त्यासाठी माणसं ठेवा असा आग्रह धराल तर तुरुंग. माझ्या मते या दोन महिन्यांत सगळा प्रश्न उघडा पडतो. सार्वजनिक हिताचं कलम कागदावर राहिलं, कुणाचा परवाना त्यापायी गेला नाही, आणि ती जबाबदारी निभावायला उरला तो एकटा करंगळीवाला. एखाद्या समाजाने आपली सांस्कृतिक जबाबदारी एका उर्मट युनियन पुढाऱ्यावर सोडून द्यावी आणि वर त्याच्या उर्मटपणाबद्दल नाकं मुरडावीत, हे मला अन्यायाचं वाटतं.

बरं, पण ऑर्केस्ट्रा नेमकं करत काय होता? ज्यांना ही उधळपट्टी वाटते त्यांनी सलिव्हनचा एक रविवार डोळ्यांसमोर आणावा. दुपारी प्रेक्षकांसकट पूर्ण रंगीत तालीम. ती संपली की सलिव्हन कात्री घेऊन बसायचा. हा विनोदवीर दोन मिनिटं कमी, ती गायिका चौथ्याऐवजी दुसरी, त्या कुत्र्यांचा खेळ उद्या नाही तर कधीच नाही. रात्री आठला थेट प्रक्षेपण. मधल्या काही तासांत प्रत्येक बदल सुरावटीच्या कागदांवर उतरायचा: इथून आठ मात्रा गाळा, इथे पुन्हा मागे जा, इथे सूर उतरवा. कसरतवाले आणि जादूगार व्हॉडव्हिलच्या, म्हणजे जुन्या अमेरिकन विविधरंगी खेळांच्या, रंगमंचावरून आलेले. त्यांच्या ट्रंकेत वर्षानुवर्षं वापरून घड्यांवर फाटलेले, पेन्सिलीच्या खुणांनी काळे झालेले नोटेशनचे कागद असत. ते समोर ठेवले की पहिल्याच नजरेत वाचून वाजवायचं. पुढचा पाहुणा ऑपेराची गायिका, त्यापुढे टॅप डान्सर. गोव्याच्या वादकांनी नोटेशन वाचायच्या याच कसबावर मुंबईचे सिनेमा स्टुडिओ चालवले, संगीत संयोजक सेबॅस्टियन डिसोझा तर गोव्याचेच. त्यामुळे हे काम किती कठीण आहे ते आपल्याकडच्या जुन्या वादकांना समजावून सांगायला नको.

आणि ड्रमवाला. व्हॉडव्हिलचा ड्रमवाला हा अर्धा नटच. विनोदी नट घसरून पडला, तर ढुंगण जमिनीला टेकतं त्याच क्षणी झांज वाजली पाहिजे. पाव सेकंद उशीर झाला की हसू गेलं. तमाशात सोंगाड्याच्या बोलण्यावर ढोलकीवाला थाप देतो ना, अगदी तोच धंदा. तबकडीला हे जमत नाही, कारण तबकडीला नट दिसत नाही. विनोदी नट सिड सीझरचा ‘युअर शो ऑफ शोज’ 1950 ते 1954 दर शनिवारी नव्वद मिनिटं थेट चालायचा. नव्वद मिनिटं! नाटकाएवढी लांबी, आणि आठवड्याने पुन्हा नवं. तिथे संवाद विसरले जायचे, पडदा अडकायचा, कपडे बदलायला उशीर व्हायचा. अशा वेळी चार्ल्स सॅनफर्ड यांच्या हातात छडी होती आणि समोर बघू शकणारी माणसं होती. नट लांबला तर चार ओळी जास्त वाजवायच्या, लवकर संपवलं तर उडी मारायची, शेवटी घड्याळ पाहून उरलेली वेळ थीमने भरायची. सेकंद चुकवून चालायचं नाही, पुढची जाहिरात विकलेली असायची.

म्हणून मी म्हणतो, त्या स्टुडिओत चूक सावरू शकणारे लोक तेच होते. कॅमेरा चूक दाखवतो. ऑर्केस्ट्रा ती झाकतो, कधी कधी तिचा विनोद करतो. याला उधळपट्टी म्हणायचं तर नाटकातल्या प्रॉम्प्टरला आणि सर्कशीतल्या जाळीलाही म्हणा.

माझ्या बाजूच्या दोन कमजोर जागा मात्र झाकून ठेवण्यात अर्थ नाही.

पहिली पैशाची. फिल्मवर चित्रित होणाऱ्या टीव्ही मालिका वाढल्या तेव्हा पेट्रिलोने निर्मात्यांकडे उत्पन्नाच्या पाच टक्क्यांची मागणी केली, तीही युनियनच्या निधीसाठी, म्हणजे वाजवणाऱ्याच्या हातात नाही. कल्पना अशी की यंत्रामुळे बेकार झालेल्या वादकांना त्यातून गावोगावच्या बागांमध्ये फुकट कार्यक्रम करायला पैसे द्यावेत. उदात्त. पण बऱ्याच निर्मात्यांनी सरळ परदेशात ध्वनिमुद्रित केलेलं तयार संगीत आणून मालिकांखाली चिकटवलं. पाच टक्के वाचले आणि वादकही वाचले, म्हणजे लागलेच नाहीत. हॉलिवूडच्या स्टुडिओत बसणारे वादक चिडले: आम्ही वाजवायचं आणि पैसे ओहायोतल्या बागेला? 1956 मध्ये लॉस एंजेलिसच्या शाखेत सेसिल रीडच्या पुढाकाराने उघड बंड झालं. दोन वर्षांत पेट्रिलोने अध्यक्षपद सोडलं. मूठ फार आवळली की वाळू सांडते, हे त्याने टीव्ही फिल्मबाबतीत दाखवून दिलं.

दुसरी जागा जास्त बोचणारी. करार खुर्ची राखून ठेवतो. खुर्चीत कोण बसणार हे ठरवतात दुसरेच. अमेरिकेच्या अनेक शहरांत युनियनच्या शाखाच गोऱ्यांची एक आणि काळ्यांची एक अशा होत्या. लॉस एंजेलिसमध्ये शाखा 47 गोऱ्यांची, शाखा 767 काळ्यांची. चांगलं काम 47 कडे. त्या एकत्र आल्या 1 एप्रिल 1953 ला, तेही काळ्या वादकांनी स्वतः रेटा लावला म्हणून. त्यांतले सॅक्सोफोन आणि बासरी वाजवणारे बडी कोलेट त्याआधीच विनोदवीर ग्राउचो मार्क्सच्या प्रश्नमंजूषेच्या बँडमध्ये गेले होते. घेणारे होते त्या बँडचे प्रमुख जेरी फील्डिंग. याच फील्डिंगना 1953 मध्ये कम्युनिस्टविरोधी चौकशी समितीने बोलावलं, त्यांनी उत्तरं द्यायला नकार दिला आणि टीव्हीवरचं काम गेलं. न्यूयॉर्कच्या एनबीसीने क्लार्क टेरीसारख्या काळ्या ट्रम्पेटवाल्याला पगारी ताफ्यात घेतलं ते 1960 मध्ये. ड्यूक एलिंग्टनच्या नामवंत जॅझ बँडमध्ये अनेक वर्षं घालवलेला माणूस, आणि जाहिरातीच्या धुनी वाजवायला घेताना एवढा विचार! काळे गायक नॅट किंग कोल यांना तर अख्खा कार्यक्रम मिळाला, 1956 मध्ये, मागे नेल्सन रिडल यांचा ऑर्केस्ट्रा, म्हणजे त्या काळातला सर्वोत्तम साज. सबंध वर्षभरात देशव्यापी प्रायोजक मिळाला नाही. जाहिरातदारांना अंधाराची भीती वाटते, असं कोल म्हणाले आणि कार्यक्रम बंद झाला. त्याच सुमारास एबीसीवर लॉरेन्स वेल्कचा गुळगुळीत बँड 1955 मध्ये सुरू झाला तो रूपं बदलत 1982 पर्यंत वाजत राहिला. आता सांगा, यात चव कुठे बसवायची?

चव बदलल्यामुळे ऑर्केस्ट्रा गेले, या म्हणण्यात रॉक अँड रोलचा दाखला हमखास येतो. त्यात तथ्य आहे. ‘युअर हिट परेड’मध्ये आठवड्याची सर्वांत लोकप्रिय गाणी कार्यक्रमाचे ठरलेले गायक ठरलेल्या ऑर्केस्ट्राबरोबर गायचे. जोवर गाणं म्हणजे चाल आणि शब्द होते तोवर हे चाललं. 1955 नंतर गाणं म्हणजे त्या विशिष्ट माणसाचा विशिष्ट आवाज झाला. सभ्य गायकाने टाय लावून रॉक अँड रोल म्हणायचं म्हणजे कीर्तनकाराने लावणी म्हणण्यापैकी. 1959 ला कार्यक्रम संपला. आणि 9 फेब्रुवारी 1964 च्या रात्री सलिव्हनच्या रंगमंचावर चार पोरं आपली गिटारं आणि ड्रम घेऊन आली. सुमारे 7 कोटी 30 लाख लोकांनी ती पाहिली. ऑर्केस्ट्राची गरज लागली नाही.

बीटल्सना लागली नाही, एवढंच. त्याच तासात न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवरच्या ‘ऑलिव्हर!’ या संगीतिकेतली मंडळी गाऊन गेली, टेसी ओशेने आपल्या दणदणीत आवाजात गाणी म्हटली. त्यांच्यामागे रे ब्लॉकचे वादक होतेच, आणि सलिव्हनचा कार्यक्रम 1971 ला बंद होईपर्यंत राहिले. नवी चव आली म्हणून जुना नोकर दुसऱ्या दिवशी गेला, असं काही झालं नाही. नंतर झालं ते सावकाश आणि हिशेबनिसाच्या टेबलावर. ठरलेल्या संख्येने पगारी वादक ठेवण्याची अट करारांतून हळूहळू झिजली. एनबीसीचा शेवटचा मोठा ताफा ‘टुनाइट शो’मध्ये डॉक सेव्हरिन्सन यांच्यासोबत होता. मे 1992 मध्ये त्या कार्यक्रमाचे यजमान जॉनी कार्सन निवृत्त झाले आणि त्यांच्याबरोबर तो ताफाही गेला. प्रेक्षकांनी काही सेव्हरिन्सनला कंटाळून मतदान केलं नव्हतं. नव्या यजमानासोबत लहान बँड आला.

मग करायचं काय? माझं मत ‘ब्लू बुक’ला धरून आहे. सार्वजनिक लहरी, सार्वजनिक सभागृह किंवा सार्वजनिक पैसा वापरून जो संगीताचा कार्यक्रम विकतो, त्याच्या परवान्यात किंवा अनुदानात किमान वादकांची अट असावी. पेट्रिलोने जे धमकीने मिळवलं ते नियमाने मागावं, म्हणजे इंटरलॉकेनच्या पोरांना गप्प बसवायची वेळ कुणावर येणार नाही. संख्या लहान ठेवा, हवी तर. पण वाजवणाऱ्याला त्याच्या हातात पैसे द्या, निधीत नको. आणि खुर्च्या भरताना वादकाचा चेहरा न पाहता फक्त वाजवणं ऐका, पडद्याआड परीक्षा घ्या. सिंफनी ऑर्केस्ट्रांनी नंतर तेच केलं आणि कितीतरी बायका व्हायोलिनच्या रांगेत आल्या.

‘अशी सक्ती कलेत शोभत नाही,’ असं मला माझ्या एका मित्राने सुनावलं. तो स्वतः लग्नातल्या ऑर्केस्ट्रात ऑक्टोपॅड वाजवायचा. आता गायक पेन ड्राइव्हवर ट्रॅक घेऊन येतात आणि याला फोन येत नाही. सक्ती शोभत नाही हे त्याने सांगितलं तेव्हा ऑक्टोपॅड त्याच्या माळ्यावर चादरीत गुंडाळून ठेवलेला होता. मी त्याला विचारलं, विकला का नाहीस? म्हणाला, घेणारा भेटत नाही.

2024 मध्ये सेथ मायर्सच्या रात्रीच्या कार्यक्रमातला बँड बजेट कापताना काढून टाकला. कार्यक्रम तसाच चालू आहे.